उगवतीला बुडालेला दिवस

नमस्कार श्रोतेहो. आज बोलायचंय ते जागा आपल्या डोक्यात कशी बसते, याबद्दल. पण आधी आज्जीच्या चपलांची गोष्ट सांगतो, नाहीतर वेळ संपेल आणि ती राहून जाईल.

माझी आज्जी शेतात राबलेली. तिच्या बोलण्यात डावं-उजवं नव्हतंच. ‘म्हस उगवतीच्या बांधाला बांध’, आणि स्वयंपाकघरातही, ‘मावळतीच्या फळीवरचा चटणीचा डबा दे.’ मी दहा वर्षांचा असेन, तेव्हा एका संध्याकाळी आम्ही दोघंच कोल्हापुरात अंबाबाईला आलो. भवानी मंडपापाशी उतरलो, पूर्व दरवाजापाशी चपला काढल्या. रांग वळत वळत गाभाऱ्यापुढं गेली, दर्शन झालं. आज्जी म्हणाली, ‘चल, देवीच्या समोरच्या दारानं. त्येच उगवतीचं.’ गेलो. चपला गायब!

आज्जीनं चोराच्या सात पिढ्यांचा उद्धार केला. मग सहज मान वर केली आणि एकदम गप्प झाली. समोर घरांच्या फटीतून तांबडा गोळा खाली चालला होता. तिनं माझा दंड घट्ट धरला. ‘आरं पोरा, दिस उगवतीला बुडाय लागलाय रं!’

ओटीचं सामान विकणारी बाई हसली. ‘आज्जी, अंबाबाईचं त्वांड मावळतीला हाय न्हवं!’

घोटाळा ध्यानात आला ना? आमच्या गावचा भैरोबा उगवतीकडं बघतो. त्याच्यापुढं हात जोडले की आपलं तोंड मावळतीला. अंबाबाईपुढं नेमकं उलटं. देवी पश्चिमेला बघते, म्हणून तर नोव्हेंबरात आणि जानेवारीच्या अखेरीला मावळतीची किरणं महाद्वारातून आत येतात आणि आपण किरणोत्सवाला गर्दी करतो. आज्जीनं गावचा नकाशा इथं लावला, आणि आम्ही महाद्वारात अनवाणी.

मग ती डोळे मिटून उभी राहिली. मी म्हटलं, ‘आज्जे, चल की.’ म्हणाली, ‘थांब जरा, गाव फिरतंय.’ बघा हं, गाव फिरतंय! रंकाळा, मंडप, एसटी स्टँड, सगळं तिच्या डोक्यात गरकन अर्धा फेरा फिरून जागेवर बसलं. पूर्व दरवाजाला वळसा घालून गेलो. चपला होत्या तिथंच होत्या. चोराला दिलेल्या शिव्या मात्र तिनं काही परत घेतल्या नाहीत.

तर मुद्दा असा. जागा सांगायच्या दोन रीती. एक अंगावरून : डावीकडं, उजवीकडं. दुसरी उगवतीवरून. पुन्हा सांगतो, एक अंगावरून, एक उगवतीवरून. आपण वळलो की डावं-उजवं वळतं, उगवत वळत नाही. ऑस्ट्रेलियात क्वीन्सलँडला गुगु यिमिथिर नावाची भाषा आहे, ‘कांगारू’ हा शब्द तिच्यातलाच. ती माणसं जवळच्या वस्तूलाही उत्तरेची, दक्षिणेची म्हणतात. आज्जीचं त्यांच्याशी छान जमलं असतं.

शास्त्रज्ञांनी हे उंदरांच्या मेंदूत बघितलं. १९७१ साली जॉन ओकीफ यांना अशा पेशी सापडल्या की उंदीर ठरावीक जागी गेला की ठरावीक पेशी जागी होते. पुढं मोझर दांपत्याला जागेची जाळी आखणाऱ्या पेशी सापडल्या. तिघांना २०१४ चं नोबेल मिळालं. डोकं कुठल्या दिशेला आहे हे धरून ठेवणाऱ्या पेशीही असतात. आज्जीच्या त्याच फिरल्या असाव्यात.

आता मोबाइल म्हणतो डावीकडं वळा, आपण वळतो. पूर्वी पाहुण्याला ‘पापाच्या तिकटीवरनं खाली या’ म्हटलं की पुरायचं. आता चौकात वाढदिवसाच्या फ्लेक्समागं चौकच दिसत नाही, तिथं खुणेचं दुकान कुठलं दिसणार! असो.

एक करा. बसल्या जागेवरून, खिडकीकडं न बघता, पन्हाळ्याकडं हात करा. घरातल्या सगळ्यांनी एकदम. कोल्हापुरात असाल तर हात वायव्येला हवा. आता वायव्य कुठली, यावरून भांडण होईल. होऊ दे. नमस्कार.