आत्याने ठेवलेलं नाव

पाळणा सजलाय. आत्या बाळाच्या कानाशी वाकते, तिच्या पाठीवर बायकांचे धपाटे पडतात. कुर्रर्र... इथवर बारसं चारचौघांसारखं. पण या आत्याला ऐकू येत नाही. आजीला नाही, बाळाच्या आईवडिलांनाही नाही. म्हणून आत्या आता सगळ्यांना दिसेल अशी उभी राहते आणि तर्जनी गालावर टेकवून जराशी फिरवते. खळी! घरात बाळाला हाक जाणार ती याच नावाने. असं नाव चेहऱ्यात, सवयीत जे ठळक असेल त्यावरून पडतं, आणि ते कर्णबधिर माणसाने ठेवायचं असा रिवाज आहे. आजीचं नाव भुवईवरच्या व्रणावरून, काकाचं कुरळ्या केसांवरून.

बाळाला ऐकू येतं का, ते तपासणीत कळेल. घरात त्याची धास्ती कुणालाच नाही. थोरल्या भावाला ऐकू येतं. तोही आधी खुणांनीच बोलायला लागला, मराठी मागाहून आली.

आजी भाकरी थापतेय. हात गुंतलेत, म्हणून बोलणं थांबलंय. भाकरी तव्यावर पडली की पिठाच्याच बोटांनी गोष्ट पुढे सुरू. गोष्ट तिच्या शाळेची आहे. वर्गात खुणा केल्या की हातावर पट्टी बसायची. ओठ बघा, तोंडाने बोला! या हट्टामागे १८८० सालचा एक ठराव आहे. इटलीत मिलानला कर्णबधिरांच्या शिक्षकांची परिषद भरली आणि खुणा सोडून तोंडी पद्धतीनेच शिकवावं असं ठरलं. ठरवणारे जवळजवळ सगळे ऐकणारे. देशोदेशीच्या शाळांनी तेच धोरण धरलं. आजी आणि तिच्या मैत्रिणी मात्र रात्री वसतिगृहात दिव्याखाली बसून मनसोक्त बोलायच्या. भाषा जगली ती अशा खोल्यांमधून. २०१० मध्ये कॅनडात व्हँकुव्हरला भरलेल्या अशाच शिक्षण परिषदेने मिलानचे ठराव नाकारले. आपल्याकडे भारतीय सांकेतिक भाषेचं राष्ट्रीय केंद्र २०१५ मध्ये दिल्लीत उभं राहिलं. त्याच्या कोशाच्या २०२१ च्या आवृत्तीत १०,००० शब्द आहेत.

दारात आलेला मुलगा शेजारचा. बहुतेक कर्णबधिर मुलांसारखे याचेही आईवडील ऐकणारे. संध्याकाळी आईला घेऊन तो इथे येतो. आजी शिकवते, आई गिरवते: पाणी, भूक, दुखतंय. मुलगा तिचा अंगठा धरून नीट वळवून देतो. इतरांच्या बोलण्यात तो हक्काने मध्ये घुसतो, भांडतोसुद्धा.

जूनमध्ये त्याला शाळेत घालायचंय. जवळच्या शाळेत अजून ओठ वाचायलाच शिकवतात.