पांढऱ्यावर काळं: हान्स विलियुस यांचा आवाज

श्रोतेहो, नमस्कार.

एक जुना फोटो डोळ्यांसमोर आणा. शाळेचा वर्ग, मुलांच्या चार रांगा, मधोमध मास्तर. टीव्हीच्या पडद्यावर एवढंच आहे, काहीच हलत नाही, आणि तरीही बघणाऱ्याला खिळवून ठेवायचंय. स्वीडनमध्ये हे काम वर्षानुवर्षं केलं हान्स विलियुस यांनी. १९२३ चा जन्म, २०१२ साली निधन. आपल्याकडे हे नाव फारसं कुणाला ठाऊक नाही; तिकडे मात्र त्यांच्या खोल, सावकाश आवाजाच्या नकलासुद्धा व्हायच्या.

विलियुस मूळचे इतिहासकार. लुंड विद्यापीठात १९५१ मध्ये त्यांनी प्रबंध केला तो स्वीडनचा राजा बारावा कार्ल याच्या रशियावरील मोहिमेच्या ऐतिहासिक साधनांवर. म्हणजे लढाईचं वर्णन नव्हे, तर लढाईबद्दल लिहिणाऱ्यांवर किती विश्वास ठेवायचा याची तपासणी. कोणी लिहिलं, कधी लिहिलं, स्वतः पाहिलं की दुसऱ्याचं उतरवून घेतलं? ही लुंडची शिस्त घेऊन ते टीव्हीत आले आणि टीव्ही-निर्माते उल्ले हेगेर यांच्याशी त्यांची जोडी जमली.

दोघांच्या छोट्या फिल्मांच्या मालिकेचं नाव ‘स्वार्ट पो विट’. शब्दशः अर्थ, आपलं ‘पांढऱ्यावर काळं’! सगळा डोलारा जुन्या स्थिर फोटोंवर.

असा फोटो चित्रित करणं वाटतं तितकं सोपं नाही. फोटो टेबलावर सपाट ठेवायचा, वर उभ्या खांबाला कॅमेरा, दोन्ही बाजूंनी साधारण ४५ अंशांत दिवे. दिवा जास्त वर गेला की चकचकीत कागदावर पांढरा डाग पडतो. वर्तमानपत्रात छापलेला फोटो घेतला तर चेहऱ्याजवळ जाताच छपाईचे ठिपके दिसू लागतात, म्हणून मूळ प्रत किंवा काच-निगेटिव्हच शोधावी लागते. युरोपच्या टीव्हीत सेकंदाला २५ चौकटी, म्हणजे फ्रेम. कॅमेरा फोटोवरून १२ सेकंद सरकवायचा, तर ३०० चौकटी. सुरुवातीला आणि शेवटी दोन-दोन सेकंद कॅमेरा थांबला नाही, तर चित्राला झटका बसतो.

आता सरकणं आणि थांबणं मिळून झालेल्या या १६ सेकंदांत बोलायचं किती? सेकंदाला दोन शब्द धरले तर ३२ मावतात. लिहावेत वीसच. उरलेली शांतता चित्राची. निवेदक नेमका इथेच घसरतो: कॅमेरा मास्तरांवर असताना तो ‘कोपऱ्यातला मुलगा’ म्हणतो, बघणाऱ्याची नजर पडदाभर भटकते आणि पुढचं वाक्य वाया जातं. आधी डोळ्याला दिसू द्यावं, मग अर्ध्या सेकंदानं कानाला नाव द्यावं. आणि जे दिसतंच आहे ते सांगू नये. मुलगा अनवाणी आहे हे चित्र सांगतं. पुढे त्याचं काय झालं, ते निवेदकानं सांगायचं.

ते कळतं कुठून? स्वीडनमध्ये १९९१ पर्यंत लोकसंख्येची नोंद चर्चकडे असे. नाव आणि गाव हाती लागलं की जन्म, स्थलांतर, मृत्यू असं सगळं त्या वह्यांतून काढता येतं. पण फोटोमागे पेन्सिलीनं लिहिलेलं साल बहुधा नंतर कुणीतरी आठवणीनं टाकलेलं असतं. ते तसंच वाचून दाखवलं, की सगळा तपास चुकीच्या वहीत सुरू होतो.

जिथे फोटोच नाही, तिथे काम आणखी अवघड. १९८८ साली या जोडीनं ‘चार दिवस, ज्यांनी स्वीडनला हादरवलं’ हा नाट्य-माहितीपट केला. जून १९४१. नॉर्वेतली जर्मन सैन्याची एक डिव्हिजन स्वीडनच्या रेल्वेनं फिनलंडला जाऊ द्या, अशी हिटलरच्या सरकारची मागणी. स्वीडन तटस्थ. मंत्रिमंडळ दुभंगलेलं, आणि राजा पाचवा गुस्ताव गादी सोडायला निघाला आहे अशी बातमी मंत्र्यांपर्यंत आलेली. शेवटी परवानगी दिली गेली, गाड्या धावल्या. पण राजा खरंच तसं म्हणाला होता का? मंत्र्यांनी ते ऐकलं पंतप्रधान पेर आल्बिन हान्सन यांच्या तोंडून.