पाव इंचाची माया

[दृश्य : विंटरसेट गावाचा चौक, मधोमध कोर्टाची दगडी इमारत]

अमेरिकेच्या आयोवा राज्यातलं विंटरसेट. चहूकडे मक्याची शेतं, मधे हे छोटंसं गाव. पर्यटक इथे येतात ते मॅडिसन काउंटीतले छपराचे लाकडी पूल बघायला, किंवा १९०७ साली जॉन वेन हा नट जिथे जन्मला ते घर बघायला. पण क्विल्ट, म्हणजे कापडाचे तुकडे जोडून केलेली गोधडीसारखी पांघरुणं, शिवणाऱ्या बायकांना गावाचं नाव विचारा. त्या सांगतील, मेरिअन फॉन्स आणि लिझ पोर्टर यांचं गाव.

१९७६ साल. अमेरिकेच्या स्वातंत्र्याला दोनशे वर्षं होत होती आणि आजीच्या काळातल्या घरगुती कलांकडे लोक नव्यानं वळले होते. पाचच वर्षांपूर्वी न्यूयॉर्कच्या व्हिटनी संग्रहालयानं जुन्या क्विल्ट चित्रांसारख्या भिंतीवर लावल्या होत्या, त्याचीही चर्चा होतीच. त्या वर्षी विंटरसेटमधल्या क्विल्टच्या एका वर्गात या दोघींची गाठ पडली. आधी शिकल्या, मग शिकवू लागल्या, मग जोडीनं लिहू लागल्या. १९९३ मध्ये त्यांचं जाडजूड मार्गदर्शक पुस्तक आलं. आणि त्याच दशकात आयोवा पब्लिक टेलिव्हिजनच्या साथीनं दोघी पडद्यावर आल्या. 'लव्ह ऑफ क्विल्टिंग' हा त्यांचा कार्यक्रम पुढे देशभरातल्या सार्वजनिक वाहिन्यांवर वर्षानुवर्षं चालला.

सार्वजनिक वाहिनी म्हणजे प्रेक्षकांच्या देणग्या, अनुदानं आणि प्रायोजकांच्या मदतीवर चालणारी वाहिनी. प्रायोजकाचं नाव सुरुवातीला आणि शेवटी येतं, मधला अर्धा तास सलग मिळतो. माझ्या मते या कार्यक्रमाचं सगळं बळ या सलगपणात आहे. शिवण शिकवायची तर कॅमेऱ्याला बोटांपाशी थांबता आलं पाहिजे.

[दृश्य : टेबलावर दोन चौकोन, एक फिका, एक गडद. कॅमेरा वरून]

हे बघा. क्विल्टमध्ये पदोपदी लागणारा एक तुकडा : अर्धा फिका, अर्धा गडद, दोन त्रिकोण मिळून झालेला चौकोन. नवशिकी बाई काय करेल? आधी त्रिकोण कापेल, मग जोडेल. आणि तिथेच फसेल. कारण त्रिकोणाची तिरकी कड उरेब, म्हणजे कापडाच्या धाग्यांना आडवी कापलेली, असते. हात लागला की ती ताणते, आणि चौकोन वाकडा होतो.

म्हणून आधी शिवायचं, कापायचं नंतर. तयार चौकोन तीन इंचांचा हवा असेल तर दोन्ही कापडांचे चौकोन तीन इंच सात सुतांचे घ्यायचे; आठ सुतं म्हणजे एक इंच. सुलट बाजू आत ठेवून एकावर एक बसवायचे. फिक्या कापडावर कोपऱ्यापासून कोपऱ्यापर्यंत पेन्सिलीनं रेघ. रेघेच्या दोन्ही अंगांना पाव पाव इंच सोडून एकेक टीप. आता रेघेवरून कापा आणि उघडा. एकाच वेळी दोन चौकोन तयार, आणि उरेब कडेला शिवण होईपर्यंत धक्काही नाही! माया, म्हणजे टिपेबाहेर उरलेलं कापड, गडद बाजूला वळवून इस्त्री करायची, म्हणजे फिक्या कापडातून ती दिसत नाही.

आणि हा पाव इंच म्हणजे पावच इंच. अर्ध्या सुतानं माया जास्त गेली तर काय बिघडतं, असं वाटेल. पण ती दोन्ही तुकड्यांतून जाते. म्हणजे एका टिपेला एक सूत. नऊ तुकड्यांच्या रांगेत आठ टिपा. झाला की एक इंच कमी! शेजारची रांग मग तिला जुळणार कशी?

कार्यक्रमाच्या अर्ध्या तासात अख्खी क्विल्ट शिवून होत नाही, हे उघड आहे. त्यासाठी आधीची तयारी लागते. एकच नमुना निरनिराळ्या टप्प्यांवर शिवून टेबलाखाली ठेवलेला असतो : नुसता बेतलेला, एक टीप घातलेला, रांगा जोडलेला, पूर्ण झालेला. शिकवणारी एक टप्पा करून दाखवते आणि पुढचा उचलते.

या पिढीला एका हत्याराचीही मोठी मदत झाली. १९७९ मध्ये जपानच्या ओल्फा कंपनीनं पिझ्झा कापायच्या चाकासारखं फिरतं पातं बाजारात आणलं. त्याआधी पुठ्ठ्याचा साचा, पेन्सिल आणि कात्री यांत दिवस जायचे. आता जाड पट्टी धरून पातं फिरवलं की कापडाचे चार थर सरळ कापले जातात.

[दृश्य : गोधडीवरचा धावदोरा, जवळून]

आपल्याकडे गोधडी शिवणारी बाई पट्टी घेत नाही. जुन्या लुगड्यांचे थर अंथरते, कडेनं धावदोरा सुरू करते आणि ओळीला ओळ लावत आत सरकते. तिचं माप तिच्या बोटांत आहे. पण ती बोटं अर्धा तास सलग दाखवणारा कार्यक्रम मला हवा आहे. 'आमची माती, आमची माणसं'मधून शेतकऱ्याला शेती समजावून सांगणाऱ्या आपल्या दूरदर्शनला हे जमणार नाही असं मला मुळीच वाटत नाही. आणि ते आत्ताच व्हायला हवं, कारण या हातांचं वय झालं आहे.

लिझ पोर्टर निवृत्त झाल्यावर मेरिअन यांच्या शेजारी त्यांची मुलगी मेरी फॉन्स उभी राहिली. लहानपण क्विल्टच्या ढिगाऱ्यात गेलं, पण सुई तिनं हातात घेतली मोठेपणी. म्हणून नवशिक्याला काय अडतं ते तिला ठाऊक होतं. पुढे निवेदिका बदलल्या, शिकवण्याची रीत तीच राहिली. २०१६ मध्ये विंटरसेटच्या चौकात आयोवा क्विल्ट संग्रहालय उघडलं.

मेरिअन आणखी एका कामात उतरल्या : 'क्विल्ट्स ऑफ व्हॅलर'. २००३ मध्ये कॅथरीन रॉबर्ट्स यांचा मुलगा इराकच्या लढाईवर होता, तेव्हा त्यांनी ते सुरू केलं. युद्धाची झळ लागलेल्या सैनिकांना हातची क्विल्ट द्यायची. आकार साधारण ६० बाय ८० इंच, धुता येईल अशी, आणि मागे शिवणाऱ्यांच्या नावाची पट्टी. ती पांघरायची वस्तू आहे, त्यामुळे टीप पक्की लागते. अशी टीप घालायला कित्येक जणी टीव्हीसमोर बसून शिकल्या आहेत.