दहावं यंत्र

[दृश्य : सकाळ. चाळीसगावहून पाटणादेवीकडे जाणारा रस्ता. समोर गौताळ्याचे डोंगर.]

ही काठी बघा. गुराखी खांद्यावर टाकून जातो तशी साधी, सरळ. आज आपण एक यंत्र पाहणार आहोत आणि त्याचा डोळ्यांना दिसणारा भाग एवढाच आहे.

हे यंत्र सांगणाऱ्या गणिती भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ चा, म्हणजे इसवी सन १११४. आपलं गाव सह्याद्रीच्या आश्रयाला असलेलं विज्जलविड, असं त्यांनीच लिहून ठेवलंय. ते गाव म्हणजे हेच पाटण, असं खानदेशात मानतात. अभ्यासकांचं त्यावर एकमत नाही. पण त्यांच्या घराण्याचा दगडात कोरलेला पुरावा मात्र इथेच आहे. त्याच्याकडे येऊच.

वयाच्या छत्तिसाव्या वर्षी, ११५० मध्ये, त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ हा गणित-खगोलाचा ग्रंथ लिहिला. त्याच्या ‘गोलाध्याय’ या भागात यंत्रांचं एक प्रकरण आहे. गोल, नाडीवलय, यष्टी, शंकू, घटी, चक्र, चाप, तुर्य आणि फलक. शंकू उन्हात उभा करून सावली मोजायची. घटी म्हणजे तळाला बारीक भोक असलेलं तांब्याचं भांडं. पाण्यावर सोडलं की हळूहळू भरतं, बुडतं, आणि एक घटका होते. फलक तर त्यांनी स्वतः रचलेलं.

ही झाली नऊ. दहावं नाव येतं ते ‘धी’. धी म्हणजे बुद्धी. आणि त्याच ओळीत ते म्हणतात, ‘धीरेकं पारमार्थिकं यन्त्रम्’. खरं यंत्र हे एकच.

पहिल्या नवांत सुताराला, तांबटाला काम आहे. दहाव्याला माणूस हवा, आणि त्याच्या हातात काठी.

[दृश्य : देवळाजवळचं उंच झाड. काठी डोळ्याशी धरलेली. काठीच्या दोन्ही टोकांना ओळंबे.]

अहिराणीत ‘इथे’ला ‘आठे’ म्हणतात आणि ‘तिथे’ला ‘तठे’. आठे उभं राहून तठेचं माप घ्यायचंय. झाडापर्यंत चालत जायचं नाही, वर चढायचं नाही.

समजा तुमचा डोळा जमिनीपासून दीड मीटरवर आहे. काठीच्या रेषेतून झाडाचा बुंधा बघा. दोन ओळंब्यांमधलं अंतर १०० सेंटिमीटर आहे आणि तेवढ्यात काठी १० सेंटिमीटर खाली उतरली. म्हणजे दीड मीटर उतरायला १५ मीटर लागणार. झाड १५ मीटरवर आहे! आता शेंडा बघा. तेवढ्याच अंतरात काठी ४० सेंटिमीटर वर चढली. मग १५ मीटरमध्ये ती ६ मीटर चढेल. त्यात डोळ्याची उंची मिळवा. झाड साडेसात मीटर.

दोनदा पाहिलं, झालं. आकाशातली, जमिनीवरची, पाण्यात दिसणारी, कोणतीही वस्तू असो, बुद्धिमान माणसाने काठीतून तिचं मूळ आणि अग्र पाहिलं की तिचं माप कळलंच पाहिजे, असा भास्कराचार्यांचा दावा आहे. मला यात सगळ्यात थोर वाटतो तो डोळा, बुंधा आणि शेंडा जोडणारा त्रिकोण. तो झाडात नाही, काठीत नाही, मधल्या मोकळ्या हवेत तर नाहीच. तरी सगळं माप त्याच्याच आधाराने निघतं.

[दृश्य : तापीकाठ. कपाशीची, केळीची शेतं. क्षितिजापर्यंत सपाट काळी जमीन.]

हेच यंत्र त्यांनी पृथ्वीकडे वळवलं. पृथ्वी गोल, मग आपल्याला सपाट का दिसते? त्यांचं उत्तर असं : वर्तुळाच्या परिघाचा शंभरावा भाग सरळच भासतो; पृथ्वी अफाट मोठी, तिच्या पाठीवरचा माणूस इवलासा, म्हणून त्याला ती सपाट वाटते. रावेर-यावलच्या शिवारात बांधावर उभं राहून हे वाक्य मनात म्हणून पाहावं. समोर एवढी सपाटी असताना तिच्या आतला बाक ओळखायला डोळा अपुराच पडणार.

आणखी एक सांगायलाच हवं. याच प्रकरणात पारा भरलेल्या पोकळ आऱ्यांचं, आपोआप फिरत राहणारं एक चाकही आहे. ते फिरणार नाही. पारा एका बाजूला जेवढं ओढतो, तेवढंच दुसऱ्या बाजूला अडवतो. पुढच्या पिढ्यांनी हिशेब मांडून हे दाखवलं, आणि तेही धीयंत्राचंच काम.

[दृश्य : शिलालेखाची अक्षरं, जवळून.]

आता तो दगड. पाटणच्या देवळातला हा लेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी १८६५ मध्ये अभ्यासकांपुढे आणला. भास्कराचार्यांचा मुलगा लक्ष्मीधर, लक्ष्मीधराचा मुलगा चांगदेव. चांगदेव यादव राजा सिंघणाचा ज्योतिषी. आजोबांचे ग्रंथ शिकवले जावेत म्हणून त्याने इथे मठ काढला. निकुंभ घराण्यातल्या सोइदेवाने त्याला दान दिलं, ते शके ११२८ मध्ये.

लेखाचा बराचसा भाग संस्कृत आहे. पण मठाचा खर्च कसा चालायचा, हे सांगायची वेळ आली आणि भाषा मराठी झाली. बाजारपेठेच्या लोकांना ते कळायला हवं होतं ना! पाटणच्या पेठेत जो माल विकला जाईल, त्यावरचा राजाचा हिस्सा मठाला. जेवढे घाणे चालतील, तेवढ्या घाण्यांमागे पळी पळी तेल.

[दृश्य : संध्याकाळ. तेलाचा दिवा. मागे डोंगराची काळी कडा.]

बैल घाण्याभोवती फिरायचा, तेल गळायचं, त्यातली एक पळी वेगळी निघायची. आठशे वर्षांपूर्वीचे ते शब्द आजही वाचता येतात : ‘मढा दीन्हला’. मठाला दिला.