माल कोण, गिऱ्हाईक कोण?

(पार्श्वभूमीला हलकं वाद्यसंगीत सुरू)

श्रोतेहो, नमस्कार.

सिनेमाबद्दल रेडिओवर बोलायचं म्हणजे दिसणाऱ्या गोष्टीचं वर्णन करत बसायचं. आजची फिल्म त्या बाबतीत फार सोयीची आहे, कारण तिच्यात बघण्यासारखं काहीच नाही. निळा पडदा, त्यावर खालून वर सरकणारी अक्षरं, सहा-सात मिनिटं. संपलं.

१९७३ साली अमेरिकेत रिचर्ड सेरा आणि कार्लोटा फे स्कूलमन यांनी ती केली. सेरा म्हणजे पोलादाचे अजस्र पत्रे उभे करणारा शिल्पकार. फिल्मचं नाव 'टेलिव्हिजन डिलिव्हर्स पीपल', म्हणजे टीव्ही माणसं पोचती करतो. कुठे? जाहिरातदाराच्या दारात. आपल्याला वाटतं, कार्यक्रम हा माल आणि आपण गिऱ्हाईक. ही अक्षरं सांगतात, अहो, गिऱ्हाईक तो जाहिरातदार, माल तुम्ही. कार्यक्रम हा नुसता गळाला लावलेला चारा.

आता एक विचारतो. मी बोलायला लागल्यापासून मागे काहीतरी वाजतंय, लक्षात आलं? लिफ्टमध्ये, दुकानात वाजतं तसं, ऐकलं न ऐकलं सारखंच. ते मी मुद्दाम लावायला सांगितलंय. त्या फिल्ममध्येही असंच वाजत राहतं. अक्षरं टीव्हीचं बिंग फोडतात आणि संगीत तुम्हाला जागचं उठू देत नाही. ज्या चाऱ्याबद्दल तक्रार, तोच चारा लावून केलेली तक्रार! खरी करामत मला इथे दिसते. नुसता मजकूर काय, कुठल्याही पत्रकात छापता येतो.

त्या वर्षी आपलं मुंबई दूरदर्शन जेमतेम वर्षाचं होतं, २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालेलं. त्यावर जाहिराती यायला १९७६ उजाडलं. मग आपला काय संबंध, असं कोणी म्हणेल. पण जाहिराती नव्हत्या तेव्हाही टीव्ही आपल्याला कुणाच्या तरी दारात पोचवतच होता, फक्त ते दार सरकारचं होतं. आणि आम्ही रेडिओवाले तर त्याच्याही पुढे. १९६७मध्येच मुंबई-पुणे-नागपूरच्या विविध भारतीवर जाहिराती सुरू झाल्या होत्या. तेव्हा हे सगळं मी कुठल्या तोंडाने सांगतोय, त्याची मला कल्पना आहे.

ते संगीत बंद करा जरा.

आता दहा सेकंद काहीही वाजणार नाही. स्टेशन बदलावंसं वाटलं, तर खुशाल बदला.

(शांतता)