मिरगाच्या वासाला इंग्रजीत काय म्हणतात?

(दृश्य : बीड जिल्ह्यातलं नांगरून पडलेलं रान. पश्चिमेला आभाळ भरून आलंय.)

रोहिण्या सरत आल्या, मिरग तोंडावर आला. पाटोदा-आष्टीकडं ढगाखाली करड्या झालरी लोंबताना दिसतात. लांबून वाटतं, तिकडं पडतोय. पडत मात्र नसतो. थेंब ढगातून निघतात, खालच्या कोरड्या हवेत विरून जातात आणि ढेकळं तशीच राहतात. या हुलकावणीला इंग्रजीत नाव आहे : व्हर्गा. लॅटिनमध्ये याचा अर्थ डहाळी किंवा काठी. हवामानाचा अभ्यास करणारे सोडले तर इंग्रजांनाही तो फारसा ठाऊक नसतो. उच्चारताना 'ग' स्वच्छ म्हणायचा, 'व्हर्जा' नाही.

पाऊस खरोखर टेकला, की सरींच्या आधी वास येतो.

(दृश्य : तापलेल्या मातीवर पडणारे पहिले टपोरे थेंब.)

पेट्रिकॉर. ऐकायला पुराणातला वाटतो, पण हा शब्द १९६४ सालचा. इझाबेल जॉय बेअर आणि रिचर्ड थॉमस या ऑस्ट्रेलियातल्या शास्त्रज्ञांनी 'नेचर' नियतकालिकातल्या लेखात तो घडवला. ग्रीकमध्ये पेट्रा म्हणजे खडक, आणि शेवटचा तुकडा देवांच्या नसांतून वाहणाऱ्या द्रवाचं नाव. वैज्ञानिक माणसं कधीकधी कवींवर कडी करतात! त्यांनी दाखवलं, की कोरड्या दिवसांत वनस्पतींमधली तेलं माती-दगडात मुरतात आणि ओल लागली की सुटतात. मातीतल्या जिवाणूंनी तयार केलेलं जिओस्मिनही त्या वासात असतं. उत्तर प्रदेशातले अत्तरवाले हाच वास कुपीत भरतात, याची दखलही या दोघांनी घेतली होती.

स्पेलिंगमधला सी-एच बघून पुष्कळजण 'पेट्रिचोर' म्हणतात. चूक त्यांची कमी, इंग्रजीची जास्त. 'चाइल्ड'सारख्या तिच्या घरच्या शब्दात सी-एचचा होतो 'च', फ्रेंचमधून आलेल्या 'शेफ'मध्ये 'श', आणि ग्रीकमधून आलेल्यांत बहुतेक वेळा 'क'. लातूरच्या शिकवणी वर्गांत नीटची तयारी करणारी पोरं क्लोरोफिल, क्रोमोझोम बिनचूक म्हणतातच की. म्हणजे नियम तोंडात बसलेला असतो, फक्त कुणी उलगडून सांगितलेला नसतो. अनोळखी शब्द भेटला, की आधी त्याचं गाव विचारावं. निम्मा उच्चार तिथंच सुटतो.

आता ही काळी. इंग्रजी कोशात हिला रेगूर म्हणतात, आणि तो शब्द मूळचा तेलुगू. देगलूर-बिलोलीकडच्यांना शेजारच्याच घरातला. ही चिकण जमीन पावसात फुगते, उन्हाळ्यात आक्रसते आणि पाय जाईल एवढ्या भेगा पाडते. अशाच फुगण्या-आक्रसण्यानं ऑस्ट्रेलियात जमिनीला उंचवटे आणि खळगे पडतात. त्यांना म्हणतात गिल्गाय, तिथल्या आदिवासी भाषेतून आलेला शब्द. गाईचा काही संबंध नाही.

(दृश्य : परभणीजवळचं ज्वारीचं रान. सकाळ. आगटीभोवती हुरड्याची मंडळी.)

हिवाळ्यात पाठ उन्हाला करून बसण्यात जी ऊब असते, तिच्यासाठी हेन्री कॉकरम यानं १६२३ च्या आपल्या कोशात एक शब्द नोंदवला : अप्रिसिटी. जोर 'प्रि'वर. कोशात आला खरा, वापरात कधी रुळलाच नाही. आमच्याकडं 'कोवळं ऊन' मात्र रोज सकाळी लागतं.

बांधावरून आडवं गेलेलं हे जनावरही इंग्रजीनं मराठीतूनच उचललं. मुंगसाचं झालं मंगूस. त्याच्या स्पेलिंगच्या शेवटी इंग्रजांना आपला हंस, म्हणजे गूस, दिसतो. एका गूसचे अनेक होतात गीस, म्हणून अनेक मुंगसांना काहीजण 'मंगीस' म्हणून जातात. बरोबर रूप : मंगूसेस.