पट्टा पडेपर्यंत

पहाटेचे ३ वाजलेत. थंडी अशी की बोललं तरी तोंडातून वाफ निघतेय. तो लांबवर उजेड दिसतोय ना, तो ट्रॅक्टरचा आहे, फडात, म्हंजे ऊस तोडायचं चाललंय त्या शेतात, ऊस भरायला आलाय. तो आला की ऊसतोड टोळीतल्या सगळ्यांनी उठायचं, मग रात्री पाठ कितीही उशिरा टेकलेली असो.

हे कोल्हापूर जिल्ह्यातलं एक गाव. आणि ही उठलेली माणसं बीडची, धारूर, वडवणी, शिरूर कासार, पाटोदा अशा तालुक्यांतली. दिवाळी झाली की निघतात आणि कारखान्याचा पट्टा पडला, म्हंजे हंगाम संपला, की मार्च एप्रिलमध्ये परत जातात. अशी लाखो माणसं दरवर्षी जातात, नगर, जालना, परभणीकडून पण, आणि काही टोळ्या तर पार बेळगाव, बागलकोटपर्यंत.

आता कॅमेरा जरा कोपीकडे, म्हंजे त्यांच्या झोपडीकडे. बांबू वाकवून वरनं ताडपत्री टाकलेली, आत जाताना वाकूनच जावं लागतं. आई बाप मोळ्या वाहायला गेलेत. आत एक मुलगी आहे, चौथीतली, मांडीवर ८-९ महिन्यांचा भाऊ. तिचा चेहरा आम्ही दाखवणार नाही, नावही नाही, तिला पुढं मोठं व्हायचंय.

पण तिचं दप्तर दाखवतो. ते बांबूला टांगलंय, उंदरांपासून लांब. दप्तरात पुस्तक आहे. हे शूटिंग जानेवारी २०२४ चं, तेव्हा सरकारी पुस्तकांतच मधेमधे वहीची कोरी पानं असायची, वर 'माझी नोंद' असं छापलेलं. तिच्या पुस्तकात सुरुवातीची पानं भरलीयत, अक्षर एकदम सुंदर, रेघेला टेकून टेकून काढलेलं, बाईंची लाल पेनची सही पण आहे. आणि मग एका पानापासून पुढं काहीच नाही. 'माझी नोंद', खाली कोरं. परत 'माझी नोंद', परत कोरं. मी विचारलं, बाळा इथून पुढचं का नाही लिहिलं, तर म्हणाली, "मंग आमी हिकडं आलो ना ताई."

बास, एवढंच. तिला कुणी शाळेतून काढलं नाही, कुणी हाकललं नाही, बाई चांगल्या आहेत, पुस्तक फुकट मिळालंय, नाव पटावर आहे. तरी ती शाळेत नाहीये. कारण शाळेचं वर्ष जूनला सुरू होऊन एप्रिलला संपतं आणि तिच्या घराचं वर्ष मोळी टाकण्यापासून, म्हंजे हंगाम सुरू झाल्यापासून, पट्टा पडण्यापर्यंत चालतं, आणि या दोन वर्षांत वाकायची वेळ आली की दरवेळी लेकरूच वाकतं, शाळा कधीच वाकत नाही.

मी हे तावातावानं बोलतेय कारण मी त्याच बीड जिल्ह्यातली आहे. मी जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकले, माझे वडील नोकरीला, म्हणून आम्ही कुठं जात नव्हतो. दिवाळीच्या सुट्टीनंतर शाळा भरली की वर्ग अर्धा रिकामा असायचा आणि गुरुजी म्हणायचे, चला, पुढं सरकून बसा. आम्ही सरकून बसायचो. मला खिडकीजवळची जागा मिळायची, माझ्या मैत्रिणीची, आणि मला खरंच आनंद व्हायचा त्या जागेचा. उन्हाळ्यात ती परत यायची, हाताला पाचटाचे ओरखडे, आणि सातवीनंतर आलीच नाही, तिचं लग्न झालं होतं. तिच्याबद्दल शाळेत कुणी चकार शब्द काढल्याचं मला आठवत नाही. दाखल्यावर काय लिहिलं असेल कुणास ठाऊक.

लग्नाचं गणित पण समजून घ्या, त्याशिवाय हा विषय कळत नाही. ऊसतोडीत नवरा बायको मिळून एक कोयता धरतात. एकटा माणूस म्हंजे अर्धा कोयता. मुकादम, म्हंजे टोळी ठरवणारा ठेकेदार, हंगामाच्या आधी जी उचल, म्हंजे आगाऊ रक्कम देतो ती कोयत्यावर देतो, जोडीला. मग पोरगं १६-१७ चं झालं की घरात हिशोब सुरू होतो, लग्न करून टाका, कोयता पूर्ण होईल. आणि मुलीकडच्यांचा वेगळाच घोर, आपण सहा महिने फडात, वयात आलेल्या पोरीला गावाकडं म्हातारीपाशी ठेवायचं तर जिवाला धास्ती, सोबत आणायचं तर या ताडपत्रीत दार कुठंय. २०२४ च्या सुरुवातीला तोडणीचा दर ३४ टक्क्यांनी वाढला, टनाला ३६६ रुपयांच्या आसपास झाला, चांगलंच झालं, ते संपामुळं आणि भांडून मिळालं. पण त्या टनातला लेकरांचा वाटा कुठं धरलाय? कारण हात त्यांचेही लागतात. वाढं गोळा करायचं, म्हंजे उसाचा शेंड्याकडचा हिरवा पाला, त्याच्या पेंढ्या बांधायच्या, शेतकऱ्यांना वैरण म्हणून विकायच्या, हे काम बऱ्याच ठिकाणी पोरांचंच.

बरं, इथं शाळा नाहीये का? आहे ना! इथून जेमतेम ३ किलोमीटरवर, चांगली रंगवलेली. शिक्षण हक्काचा कायदा २००९ चा, १ एप्रिल २०१० पासून लागू, आणि त्यात कलम ९ मध्ये स्पष्ट लिहिलंय की स्थलांतरित कुटुंबांतल्या मुलांना शाळेत प्रवेश मिळेल हे बघणं ही स्थानिक प्राधिकरणाची जबाबदारी. दाखला नाही म्हणून अडवता येत नाही. शिवाय गावाकडची शाळा निघताना शिक्षण हमी पत्रक देते, ते दाखवलं की इथल्या शाळेनं बसवून घ्यायचं. कागदावर सगळं आहे बघा.

आम्ही त्या शाळेत गेलो. तिथले सर मनापासून बोलले. म्हणाले, आली तर आम्ही बसवतो, खिचडी देतो, पण पटावर नाव तिकडच्या शाळेत, ऑनलाइन तिकडं, मग इथं त्यांची हजेरी कशात मांडू? आणि फड संपला की टोळी १५ दिवसांत पुढच्या गावाला. पोरं एकदा मागच्या रांगेत येऊन बसली होती, त्यांना या वर्गातली पोरं 'कोपीवाली' म्हणायला लागली, चौथ्या दिवशी ती आली नाहीत. सर हे सांगताना खाली बघत होते. मधे हायवे आहे, उसाचे ट्रॅक्टर दोन दोन ट्रॉल्या लावून पळतात, ८ वर्षांचं पोरगं एकटं कोण पाठवेल? आणि कर्नाटकात गेलेल्यांचं तर विचारूच नका, तिथं फळ्यावर कानडी.

पूर्वी कारखान्यांच्या आवारात साखरशाळा चालायच्या, संस्था चालवायच्या, तिथंच तळावर, म्हंजे कोप्या पडलेल्या असतात तिथं. कमतरता होत्या पण शाळा पोराकडं चालत जायची. कायदा आल्यावर म्हणलं गेलं की अशा वेगळ्या शाळा नकोत, नियमित शाळेतच घाला. विचार बरोबर होता, मी त्याला नावं ठेवणार नाही, गरिबांची शाळा वेगळी असूच नये. पण साखरशाळा बहुतेक बंद झाल्या आणि नियमित शाळा काही तळापर्यंत आली नाही. मग गावाकडं हंगामी वसतिगृहं, म्हंजे आजी आजोबांपाशी राहायचं आणि जेवण शाळेमार्फत. जिथं आजी आहे, धडधाकट आहे, तिथं पोरं खरंच टिकतात, हे मी बघितलंय आणि आनंदानं सांगते. पण या कोपीतल्या बाईला विचारलं तर ती म्हणाली, "सासू गेली औंदा. लेकराला कुणापाशी ठिवू? आन धाकट्याला कोण धरंल?"

धाकट्याला कोण धरेल, हा प्रश्न सोडवल्याशिवाय तिची थोरली शाळेत जाणार नाही. म्हणून मला वाटतं आधी तळावर पाळणाघर पाहिजे, शाळेच्याही आधी.

आणि मोजणी. सलग महिनाभर गैरहजर असलं की मूल शाळाबाह्य धरायचं असा नियम आहे. राज्यात शाळाबाह्य मुलांचं मोठं सर्वेक्षण झालं ते एका दिवसात, ४ जुलै २०१५ ला. जुलैत! जुलैत ही सगळी पोरं गावात असतात हो, शाळेत बसलेली असतात, हात वर करून 'हजर' म्हणतात. त्यांना शोधायचं तर जानेवारीत फडात यावं लागतं, पहाटे, ट्रॅक्टरच्या उजेडात.

जिथं आम्ही उभे आहोत ना, त्याच मातीत शाहू महाराजांनी १९१७ साली प्राथमिक शिक्षण सक्तीचं आणि मोफत केलं. पोराला शाळेत न पाठवणाऱ्या आईबापाला महिन्याला १ रुपया दंड ठेवला होता. तो काळ बघा, तो रुपया बघा. त्याच मातीत आज चौथीतली मुलगी ऊस तोडणाऱ्यांचं घर सांभाळतेय. पुढच्या वर्षी ती पाचवीत जाईल, आणि पाचवी आठवीला वार्षिक परीक्षा परत आलीय, २०२३-२४ पासून. परीक्षा एप्रिलमध्ये. टोळी तोवर गावात पोचली तर बरं, नाहीतर जूनमध्ये फेरपरीक्षा, तीही अर्ध्या वर्षाच्या अभ्यासावर.

दुपार झाली. धाकटा झोपलाय. ती बाहेर आलीय, आजूबाजूच्या कोप्यांतली लहान लहान पोरं गोळा केलीत, ट्रॉलीच्या पत्र्यावर चुलीतल्या कोळशानं काहीतरी लिहितेय. आम्ही लांबूनच शूट केलं. सगळ्यात वर तिनं वार लिहिला, त्याखाली दिनांक, मला विचारून. मग, जिल्हा परिषदेच्या प्रत्येक फळ्यावर कोपऱ्यात असतं ना तसं, पट ६, हजर ६.

फडाकडून आईची हाक आली, वाढं उचलायला. तिनं कोळसा एका पोराच्या हातात दिला, म्हणाली, "गप बसा, मी आले," आणि पळाली. पोरं बसून आहेत.